बुडालेलं कर्ज वहीत कधी बुडतं?

तेरीज (धागाकर्ती) | सोमवार, रात्री ९:४०

उदयोन्मुख अर्थव्यवस्थांची वित्तीय प्रगती मोजायची म्हटली की ठरलेले आकडे पुढे येतात. किती लोकांची खाती निघाली, लाख माणसांमागे शाखा किती, खासगी क्षेत्राला दिलेलं कर्ज जीडीपीच्या किती टक्के. मी आयुष्यभर बँकांचे हिशेब तपासले, त्यामुळे असेल, पण या यादीत मला एक आकडा कायम गहाळ दिसतो. कर्ज प्रत्यक्षात बुडाल्यापासून ते वहीत बुडीत दिसेपर्यंत किती काळ जातो?

एक प्रसंग सांगते. बँक कुठली ते विचारू नका. वर्षअखेरीची तपासणी चालू होती. एक मुदत कर्ज, रक्कम मोठी, तीन वर्षांत एकही हप्ता चुकलेला नाही. इतकं स्वच्छ खातं दिसलं की माझ्या बोटांना खाज सुटते. हप्ता जमा झाला त्या दिवसाची व्हाउचरं मागवली. तीन निघाली, ओळीने क्रमांक असलेली, एकाच अक्षरात, एकाच पेनाने लिहिलेली. पहिलं : कर्जदाराच्याच दुसऱ्या फर्मला 'तात्पुरती उचल' मंजूर. दुसरं : त्या फर्मच्या खात्यातून कर्जदाराच्या चालू खात्यात वर्ग. तिसरं : चालू खात्यातून मुदत कर्जात जमा, तपशील 'हप्ता मिळाला'. रोखपालाच्या खिडकीतून एक नोट आत आली नव्हती की बाहेर गेली नव्हती. आधीच्या तिमाहीची मागवली, तेच. त्याआधीची, तेच. मॅनेजर जराही गडबडले नाहीत. म्हणाले, "मॅडम, खातं रेग्युलर आहे ना? मग?"

यालाच एव्हरग्रीनिंग म्हणतात. आता आकडे मांडून बघू. कर्ज १००, व्याज वर्षाला १२ टक्के, कर्जदार दमडी देत नाही. बँक दर वर्षी व्याजाइतकं नवं कर्ज देते आणि त्यातून जुनं व्याज 'वसूल' करते. तीन वर्षांनी कर्ज झालं १४० च्या थोडं वर. नफा-तोटा पत्रकात तीन वर्षांत ४० चं उत्पन्न दिसलं. त्यावर आयकर भरला, तो खऱ्या पैशाने. भागधारकांना लाभांश दिला, तोही खऱ्या पैशाने. कर्जदाराकडून आलं शून्य, बाहेर गेले ते ठेवीदारांचे पैसे. तेच खातं पहिल्या वर्षी थकीत धरलं असतं, तर व्याज उत्पन्नात घेता आलं नसतं, वर तरतूद करावी (म्हणजे बुडण्यापोटी नफ्यातून पैसे बाजूला काढावे) लागली असती, सगळ्यांची तोंडं आंबट झाली असती आणि तोटा १०० च्या आत आटोपला असता.

भारतात 'थकलेल्या खात्याचं व्याज हातात पडलं तरच उत्पन्न' हा नियम १९९१ च्या नरसिंहम समितीनंतर, १९९२-९३ पासून आला. थकण्याची मुदत आधी चार तिमाह्या, मग तीन, मग दोन, आणि ३१ मार्च २००४ पासून ९० दिवस. एवढं एक पाऊल टाकायला अकरा वर्षं लागली. मला ती संथ चाल पटते. एका रात्रीत केलं असतं तर अनेक बँकांचं भांडवल उघड्यावर आलं असतं.

इतर देशांत हे कसं घडलं, यावर जाणकारांनी लिहावं. एकच विनंती, 'अमुक सरकारच्या काळात' हा सूर नको.

---

पारवा | सोमवार, रात्री १०:१५

वाचनखूण साठवली. तेरीजताई, आता सगळं संगणकावर. अक्षर एकच, पेन नाहीच. मग ओळखता कसं?

---

तेरीज | सोमवार, रात्री १०:३२

@पारवा, नोंदीची वेळ बघायची. ४:०२, ४:०४, ४:०५ आणि तिन्हींना एकाच कर्मचाऱ्याचा कोड. पेनापेक्षा हे सोपं आहे, खरं सांगायचं तर. अवघड होतं ते पैसा दुसऱ्या बँकेतून फिरून येतो तेव्हा.

---

कोष्टक | सोमवार, रात्री ११:०५

लेख आवडला, पण मूळ मुद्द्याशी असहमत. विहीर खणायच्या आधीच पाणी तपासायला निघाल्यासारखं वाटलं. ज्या देशात निम्म्या लोकांना बँकेचं दार माहीत नाही, तिथे तरतुदीचे नियम हा चौथ्या-पाचव्या क्रमांकाचा प्रश्न. जागतिक बँकेच्या फिंडेक्स पाहणीत २०११ साली जगातल्या ५१ टक्के प्रौढांकडे खातं होतं, २०२१ मध्ये ७६ टक्क्यांकडे. दहा वर्षांत एवढी झेप हिशेबनीसांनी घडवलेली नाही.

केनियाचं एम-पेसा घ्या. मार्च २००७ मध्ये एका मोबाइल कंपनीने सुरू केलं. शाखा नाही, पासबुक नाही, साध्या फोनवरून पैसे पाठवायचे. २०१६ मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात आलेल्या संशोधनानुसार त्यामुळे सुमारे १,९४,००० कुटुंबं दारिद्र्यातून वर आली, आणि जिथे बाई कुटुंबप्रमुख होती तिथे परिणाम जास्त दिसला. तिथे कुणी ताळेबंद विचारला?

---

तेरीज | मंगळवार, सकाळी ७:२०

@कोष्टक, विचारला की! म्हणूनच तर ते टिकलं.

ग्राहकांच्या फोनमध्ये जेवढे शिलिंग दिसतात, तेवढेच शिलिंग व्यापारी बँकांमधल्या विश्वस्त खात्यांत पडून असले पाहिजेत, ही तिथली पहिली अट होती. कंपनीला त्यातला पैसा कर्जाऊ द्यायची मुभा नाही. म्हणजे ही बँक नव्हेच, हे एक भलंमोठं रोजमेळाचं पुस्तक. एजंटाचं बघा. त्याच्याकडे दोन गोष्टी असतात, गल्ल्यात रोकड आणि फोनमध्ये इलेक्ट्रॉनिक शिल्लक. कुणी पैसे भरले की रोकड वाढते, शिल्लक तेवढीच घटते. कुणी काढले की उलट. बेरीज हलत नाही. दुहेरी नोंद पद्धत याहून शुद्ध स्वरूपात मी बँकेतसुद्धा पाहिलेली नाही. कर्जाचा भाग आला तो २०१२ च्या नोव्हेंबरमध्ये, आणि तो बँक परवाना असलेल्या संस्थेच्या ताळेबंदावर.

खात्यांच्या मोजणीबद्दल : जनधन २८ ऑगस्ट २०१४ ला सुरू झाली, तिचं महत्त्व मी नाकारत नाही. थेट अनुदान पोहोचवायला तिचा उपयोग झालाच. पण २०२१ च्या त्याच फिंडेक्समध्ये भारतातली ३५ टक्के खाती वर्षभर वापराविना पडून होती, हेही त्याच तक्त्यात आहे.

---

निळी_शाई | मंगळवार, दुपारी १:१०

ताईंनी इतर देशांबद्दल विचारलं म्हणून नायजेरियाची गोष्ट. मला ती फार आवडते, कारण तिच्यातली लबाडी कॅलेंडरवर उभी आहे.

तिथे प्रत्येक बँकेचं हिशेबी वर्ष वेगळ्या महिन्यात संपायचं. कुणाचं मार्चमध्ये, कुणाचं सप्टेंबरमध्ये, कुणाचं डिसेंबरमध्ये. झालं काय, की ज्या बँकेचं वर्ष संपत आलंय तिच्याकडे इतर बँका आपल्या ठेवी चार दिवस नेऊन ठेवायच्या. ताळेबंदाच्या दिवशी ती धष्टपुष्ट दिसायची. मग दुसरीची पाळी आली की तोच पैसा तिकडे. एकच पाहुणा दर लग्नात वेगळा फेटा बांधून पहिल्या रांगेत बसावा तसं. प्रत्येक ताळेबंद त्या त्या दिवसापुरता खरा, आणि सगळे मिळून खोटे.

याची पार्श्वभूमी अशी : २००४ मध्ये तिथल्या मध्यवर्ती बँकेने किमान भांडवल २ अब्ज नायरांवरून थेट २५ अब्जांवर नेलं. ८९ बँकांच्या विलीनीकरणातून २५ उरल्या. कागदावर सगळ्या तगड्या. पण त्यातलं बरंच भांडवल बँकांनीच लोकांना कर्ज देऊन, त्या कर्जातून स्वतःचेच शेअर घ्यायला लावून उभं केलेलं. म्हणजे आपलाच पैसा आपल्याकडे भांडवल म्हणून परत! २००८ पासून शेअर बाजार कोसळत गेला तशी ही गंमत उघडी पडली. २००९ मध्ये नवे गव्हर्नर सनुसी यांनी विशेष तपासणी लावली, आठ बँकांच्या प्रमुखांना काढलं, ६२० अब्ज नायरा ओतले. पुढच्या वर्षी बुडीत कर्जं विकत घेणारी सरकारी संस्था काढली. आणि सगळ्या बँकांना एकच वर्षअखेर सक्तीची केली : ३१ डिसेंबर.

मला विचाराल तर ६२० अब्जांइतकंच मोल या शेवटच्या कलमाचं. त्याला एक नायराही खर्च आला नाही.

---

पारवा | मंगळवार, दुपारी १:२५

फेटा _/\_

---

खडूफळा | मंगळवार, संध्याकाळी ६:४५

मी शाळेत शिकवते, या विषयातलं फार कळत नाही. एक बाळबोध प्रश्न. दरवर्षी बातमी येते की बँकांनी इतकी कर्जं 'राइट-ऑफ' केली. माझ्या घरातही वाद होतात. ती माफच केलेली असतात ना शेवटी?

---

रोजकीर्द | मंगळवार, रात्री ८:००

@खडूफळा ताई, प्रश्न बाळबोध नाही, मोठमोठे यावर घसरतात.

कर्ज थकलं की बँक आपल्या नफ्यातून त्या कर्जापोटी पैसे बाजूला काढते. ही तरतूद. भारतात तारण असलेल्या कर्जाला पहिल्या वर्षी १५ टक्के, मग २५, मग ४०, आणि संशयित (म्हणजे वसुलीची शंका असलेल्या) वर्गात तीन वर्षं उलटली की पूर्ण १०० टक्के. दणका बसतो तो या टप्प्यांवर, नफा तेव्हाच घटतो. सगळी तरतूद झाली की वहीत एका बाजूला कर्ज १०० आणि दुसऱ्या बाजूला तरतूद १००, असं जोडपं नुसतं बसून राहतं. राइट-ऑफ म्हणजे ही दोन्ही एकमेकांसमोर खोडायची. त्या दिवशी नफ्यावर परिणाम शून्य. कर्जदारावरचा दावा, जामीनदार, कोर्टातला खटला, सगळं तसंच चालू राहतं. उद्या ३० वसूल झाले तर ते थेट उत्पन्नात.

माफी वेगळी. तिथे हक्कच सोडून दिला जातो आणि कर्जदाराला तसं कळवलं जातं.

पण तुमच्या घरातल्या वादात 'माफच केली' म्हणणाऱ्याचंही थोडं बरोबर आहे. खोडलेल्या कर्जांतून होणारी वसुली अनेकदा इतकी तुटपुंजी असते की सामान्य माणसाला फरक जाणवू नये. शिवाय राइट-ऑफ केलं की थकीत कर्जाचं प्रमाण लगेच सुंदर दिसतं. प्रमाण घटलं म्हणून टाळ्या वाजवण्याआधी, वसुलीने घटलं की खोडरबराने, एवढं विचारावं.

---

सडेतोड | मंगळवार, रात्री ८:२०

सगळे मिळून खातात आणि ऑडिटर डोळे मिटून सह्या करतात. बाकी चर्चा फोल.

---

तेरीज | मंगळवार, रात्री ८:५५

@सडेतोड, सह्या करणारे आहेत, मी नाही म्हणणार नाही. पण ऑडिटरला नेमतं कोण आणि त्याची फी कोण देतं, हेही त्यात धरा. बहुतेक देशांत ज्याची वही तपासायची तोच फी देतो. यावर वेगळा धागा काढलात तर मी नक्की येईन.

---

पावतीपुस्तक | मंगळवार, रात्री ११:५०

उशिरा लिहितोय, दिवसभर रिटर्नं भरत होतो.

चर्चा बँकेच्या वहीवर चालू आहे. मी टेबलाच्या पलीकडे बसतो, छोट्या उद्योगांचे हिशेब लिहितो. आमच्याकडे माणूस येतो तेव्हा त्याचे तीन ताळेबंद असतात. एक करखात्यासाठी, त्यात नफा अंग चोरून बसलेला. दुसरा बँकेसाठी, त्यात तोच नफा छाती काढून उभा. तिसरा त्याच्या डोक्यात, तोच काय तो खरा, आणि तो कुणालाही दाखवत नाही, बायकोलाही नाही. बँकवाल्याला पहिल्या दोन्हींवर विश्वास नसतो. म्हणून तो म्हणतो, जागा तारण द्या. जागा आहे वडिलांच्या नावावर, आणि वारस म्हणून सात नावं. संपलं. कर्ज नाही. बाहेरून बघणारा अर्थतज्ज्ञ म्हणतो, 'लघुउद्योगांपर्यंत पतपुरवठा पोहोचत नाही'. अहो, पोहोचणार कुठे? पत्ताच तीन ठिकाणचा आहे.

नियम करणाऱ्यांनी यावर तोड काढली नाही असं नाही. नायक समितीने सुचवल्याप्रमाणे भारतात लहान उद्योगाला खेळतं भांडवल अंदाजित उलाढालीच्या २० टक्के द्यावं, असं ठरलं. हेतू चांगला, हिशेब सोपा. पण 'अंदाजित' हा शब्द पडला आणि आमचा धंदा सुरू झाला. गेल्या वर्षी उलाढाल १००, पुढच्या वर्षीचा अंदाज १८०. का? कारण त्याला ३६ हवेत. आधी कर्जाचा आकडा ठरतो, मग पाचाने गुणून उलाढाल निघते. 'सीएमए डेटा (बँकेला द्यायचे अंदाजित हिशेबांचे तक्ते) बनवून द्या' हे वाक्य मी रोज ऐकतो. डेटा 'बनवून' द्या, यातच सगळं आलं.

आता मात्र हवा बदलतेय. जीएसटी विवरणपत्रं, यूपीआयच्या नोंदी, २०२१ पासून अकाउंट अ‍ॅग्रिगेटर. माणसाने संमती दिली की त्याच्या खात्यातली आवक-जावक थेट कर्ज देणाऱ्याला दिसते. जागेचा कागद नसला तरी रोजची विक्री दिसते. तिसरा ताळेबंद डोक्यातून बाहेर यायला लागलाय, थोडा थोडा. त्याला ते आवडतंच असं नाही. परवाच एकजण म्हणाला, "कर्ज नको, पण हे दाखवू नका."

---

कोष्टक | बुधवार, सकाळी ८:१०

@पावतीपुस्तक, धाग्यातला सर्वोत्तम प्रतिसाद. आणि माझा मुद्दा थोडा मागे घेतो. दार उघडलं तरी आत काय दाखवायचं, हा प्रश्न उरतोच.

---

गणिती_किडा | बुधवार, दुपारी १२:३०

मूळ प्रश्नाकडे, म्हणजे तोटा 'कधी' लिहायचा, इकडे परत येतो. जगाने यावर २०१८ मध्ये पवित्राच बदलला. जुनी पद्धत अशी की तोटा घडल्याचा पुरावा मिळाला की तरतूद करा. आयएफआरएस ९ हे आंतरराष्ट्रीय लेखामानक १ जानेवारी २०१८ पासून लागू झालं, ते म्हणतं : घडायची वाट बघू नका, अपेक्षित तोटा आजच धरा. कर्ज दिल्या दिवशी पुढच्या बारा महिन्यांचा अपेक्षित तोटा. जोखीम लक्षणीय वाढली (३० दिवस थकलं तर वाढली असं धरून चालायचं) की कर्जाच्या पूर्ण आयुष्याचा.

ऐकायला झकास. पण सूत्रात तीन गोष्टी लागतात : बुडण्याची शक्यता, बुडाल्यास किती टक्के हाती लागणार नाही, आणि त्या वेळी बाकी किती असेल. पहिलीसाठी दोन-तीन आर्थिक चक्रांची विदा (डेटा) लागते. ज्या देशात दहा वर्षांपूर्वीची नोंद एव्हरग्रीनिंगने रंगवलेली आहे, तिथे मॉडेलला तुम्ही काय खाऊ घालणार? ताईंच्या त्या तीन व्हाउचरवाल्या खात्याची मॉडेलमध्ये नोंद असेल 'कधीही न थकलेलं'. मॉडेल त्यातून शिकेल की असे कर्जदार उत्तम!

दुसऱ्या गोष्टीसाठी तारण विकून पैसे यायला किती वर्षं लागतात ते हवं. यासाठी पूर्वी जागतिक बँकेच्या 'डुइंग बिझनेस' अहवालातले आकडे सर्रास वापरले जायचे. तो अहवालच २०२१ मध्ये बंद झाला, काही देशांच्या आकड्यांत फेरफार झाल्याचं बाहेर आल्यामुळे. विनोद करायची गरजच उरली नाही.

रिझर्व्ह बँकेने भारतातल्या बँकांना याच धर्तीची नवी लेखामानकं लावणं आधी एक वर्ष आणि मग २०१९ मध्ये बेमुदत पुढे ढकललं, तेव्हा बरीच टीका झाली. अपेक्षित तोट्याच्या तरतुदीवर तिचं चर्चापत्र आलं ते जानेवारी २०२३ मध्ये. मी ढकलण्याच्या बाजूने आहे. वाईट विदेवर चालणाऱ्या हुशार सूत्रापेक्षा '९० दिवस म्हणजे ९० दिवस' हा अडाणी नियम बरा. त्याच्याशी मॅनेजरला वाद घालता येत नाही.

---

तेरीज | बुधवार, दुपारी १:४०

@गणिती_किडा, वाद घालता येत नाही, पण ८९ व्या दिवशी चार पैसे भरून घेता येतात. :)

---

शून्यावर_शून्य | बुधवार, रात्री ९:३०

महागाईचा कोन कुणीच आणला नाही, म्हणून लिहितो.

नोटेची किंमतच वर्षात अर्धी होत असेल तर ताळेबंद कुठल्या मापात लिहायचा? ब्राझीलने १९७६ च्या कंपनी कायद्यात 'चलन-सुधारणा' आणली. इमारती, यंत्रं, भागभांडवल यांचे आकडे सरकारी निर्देशांकाने वाढवत न्यायचे. बँकांची तर चंगळ होती. चालू खात्यावर व्याज नाही, आणि तोच पैसा निर्देशांकाला बांधलेल्या सरकारी रोख्यांत एका रात्रीपुरता गुंतवायचा. १९९४ च्या जूनमध्ये महागाई महिन्याला ४० टक्क्यांच्या वर होती. ठेवीदार झोपेत असताना बँक कमवत होती. जुलै १९९४ मध्ये रिआल हे नवं चलन आलं, महागाई बसली आणि हे उत्पन्न आटलं. मग दिसलं की काही मोठ्या बँकांकडे याशिवाय कमावण्याचं साधनच नव्हतं, आणि खालची कर्जं कुजलेली. १९९५ च्या नोव्हेंबरमध्ये सरकारला बँका सावरायची योजना काढावी लागली. चलन-सुधारणेची हिशेबी पद्धत १९९६ पासून रद्द.

आताचं उदाहरण तुर्कस्तान. आंतरराष्ट्रीय मानक सांगतं की तीन वर्षांची एकत्रित महागाई १०० टक्क्यांच्या आसपास गेली की हिशेब महागाईने दुरुस्त करून दाखवा. तुर्कस्तान २०२२ च्या मध्यापासून या यादीत आहे. बँकेची बहुतेक मालमत्ता म्हणजे ठरावीक लिरांची येणी, त्यामुळे दुरुस्ती केली की बँकेच्या स्वनिधीची (स्वतःच्या भांडवलाची) झीज तोटा म्हणून दिसते. तिथल्या बँक नियामकाने २०२३ अखेरच्या हिशेबांतून बँकांना यातून सूट दिली. अर्जेंटिनाने उलट केलं, बँकांना २०२० पासून ही दुरुस्ती सक्तीची केली. महागाई दोन्हीकडे, पण एकाच्या बँका विक्रमी नफा दाखवतात आणि दुसऱ्याच्या बँका झीज सांगतात.

---

रोजकीर्द | गुरुवार, सकाळी ९:००

भर घालतो. रोख्यांचा विषय निघालाच आहे तर घाना. आपल्याच सरकारचे, आपल्याच चलनातले रोखे बँकांच्या भांडवल गणितात शून्य जोखमीचे धरायची जगभर मुभा आहे. घानाच्या सरकारने डिसेंबर २०२२ मध्ये हेच देशी रोखे कमी व्याजाच्या, लांब मुदतीच्या रोख्यांशी बदलून घ्यायला लावले. एका वर्षाच्या हिशेबात बँकांना शून्य जोखमीवर तोटा लिहावा लागला. खुद्द मध्यवर्ती बँकेचा २०२२ चा तोटा ६०.८ अब्ज सेडी होता. तिथे आयएफआरएस ९ लागू होतं म्हणून तो त्याच वर्षी लिहिला गेला, हे मात्र त्या मानकाच्या बाजूने मांडायला हवं. @गणिती_किडा, यावर काय म्हणाल?

आणि भारतात ताईंच्या मूळ प्रश्नाला सगळ्यात थेट उत्तर मिळालं ते २०१५ मध्ये. रिझर्व्ह बँकेने मालमत्ता गुणवत्ता तपासणी लावली, म्हणजे बँकांनी 'नियमित' म्हटलेली मोठी खाती स्वतः उघडून पाहिली. मार्च २०१५ ला ढोबळ थकीत कर्जं एकूण कर्जांच्या ४.३ टक्के होती. मार्च २०१८ पर्यंत ती ११ टक्क्यांच्या वर गेली. तीन वर्षांत काही देशभरचे उद्योग अचानक बुडाले नव्हते. बुडालेले आधीच होते, वहीत तेव्हा आले. मग दिवाळखोरी संहिता आली, १२ फेब्रुवारी २०१८ चं परिपत्रक आलं. एक दिवस हप्ता चुकला तरी दखल घ्या, मोठी खाती १८० दिवसांत मार्गी लावा नाहीतर संहितेखाली न्या, असं त्यात होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते एप्रिल २०१९ मध्ये रद्द केलं, जूनमध्ये त्याची मवाळ आवृत्ती आली. मार्च २०२४ ला प्रमाण २.८ टक्के. त्यात वसुली किती आणि खोडरबर किती, हे वर लिहिलंच आहे.

---

गणिती_किडा | गुरुवार, सकाळी ११:४५

@रोजकीर्द, घानाबद्दल मान्य. सरकारने घोषणा करून टाकली की मॉडेल लागतच नाही, उघड्या डोळ्यांनी तोटा दिसतो. माझा आक्षेप जिथे अंदाज करावा लागतो तिथला.

---

कोष्टक | गुरुवार, दुपारी ३:००

तीन दिवस नुसतं बुडालेलं ऐकतोय. हिशेब बदलल्याने काही उभं राहिलं, असं एक तरी उदाहरण द्या की राव.

---

निळी_शाई | गुरुवार, रात्री १०:२०

इंडोनेशिया. सरकारी बँक राक्यात, तिच्या गावपातळीवरच्या 'युनिट'.

सत्तरच्या दशकात या युनिट भातशेतीचं अनुदानित कर्ज वाटायला काढल्या होत्या. कर्जावर व्याज १२ टक्के, आणि बचत खात्यावर बँक देणार १५ टक्के! म्हणजे जितक्या ठेवी आणाल तितका तोटा. कुठला मॅनेजर ठेवी आणेल? कर्जं थकली, योजना बसली. १९८३ मध्ये व्याजदर मोकळे झाले आणि १९८४ पासून बँकेने युनिटचा कारभार पालटला.

त्यातलं सर्वात महत्त्वाचं, माझ्या मते : प्रत्येक युनिटला स्वतःचा ताळेबंद आणि स्वतःचं नफा-तोटा पत्रक. चार-पाच माणसांच्या कचेरीला! युनिटने जादा ठेवी शाखेकडे पाठवल्या तर शाखेने तिला ठरलेल्या दराने व्याज द्यायचं. पैसे उचलले तर युनिटने मोजायचे. त्यामुळे ज्या युनिटकडे कर्जदार कमी पण ठेवीदार जास्त, तीही नफ्यात येऊ शकली. कर्मचाऱ्यांना बक्षीस त्याच नफ्यावर. थकलेलं कर्ज लपवलं तर पुढच्या वर्षी आपल्याच पत्रकाला लागणार, आणि मधे लपायला मुख्यालयाचं मोठं पोट नाही.

कर्जदाराकडेही तीच युक्ती. व्याज महिन्याला दीड टक्का मूळ रकमेवर, वर आणखी अर्धा टक्का आगाऊ. सहा महिने वेळेवर भरलंत तर तो अर्धा टक्का परत. स्वस्त नव्हतं हं, घटत्या बाकीवर मोजलं तर वर्षाचा दर तीस टक्क्यांच्या वर जातो. तरी लोक घेत होते, कारण दुसरा पर्याय सावकार.

१९९७-९८ चं संकट आलं. १ नोव्हेंबर १९९७ ला सरकारने सोळा बँका बंद केल्या, ठेव विमा नव्हता, लोकांनी बाकीच्या बँकांकडे धाव घेतली. याच बँकेची बड्या उद्योगांना दिलेली कर्जं कोसळली. गावच्या युनिटची परतफेड मात्र फारशी हलली नाही आणि ठेवी वाढल्या. एकच बँक, एकच नाव. वही मात्र वेगवेगळी.

---

कोष्टक | गुरुवार, रात्री १०:४०

१५ टक्क्यांनी ठेव घेऊन १२ टक्क्यांनी कर्ज. हे तर आमच्या पाचवीच्या पोराने पकडलं असतं.

---

खडूफळा | शुक्रवार, सकाळी ७:०५

पाचवीच्या पोरांवर एवढा भरवसा ठेवू नका. :) घरातला वाद मिटला नाही, पण आता मुद्दे तरी बदलले. आभार.

---

पारवा | शुक्रवार, सकाळी ७:३०

तेरीजताई, सगळं वाचलं. पण त्या तीन व्हाउचरवाल्या खात्याचं पुढे काय झालं, ते राहिलंच.

---

तेरीज | शुक्रवार, रात्री ९:१५

@पारवा, मी अहवालात लिहिलं. मुख्य अहवालात घ्यावं असा माझा आग्रह होता, पण वरिष्ठांनी ते 'इतर निरीक्षणे' या शीर्षकाखाली, शेवटच्या पानावर, स्टेशनरीच्या साठ्याची नोंद अपुरी असल्याच्या मुद्द्याखाली टाकलं. मी सही केली. तेव्हा वय लहान होतं, हे कारण म्हणून सांगत नाही.

अडीच वर्षांनी खातं थकीत झालं. बाकी मी पाहिलेल्या रकमेच्या दीडपटीच्या आसपास होती. मॅनेजर तोवर बढती घेऊन दुसरीकडे गेले होते. नव्या मॅनेजरने मला फोन करून विचारलं, तुमच्या फाइलमध्ये त्या व्हाउचरांच्या झेरॉक्स आहेत का, कारण शाखेतल्या सापडत नाहीत. होत्या. तिन्ही दिल्या.